न विचारता उपसलेलं पाणी

हेलेना, मोंटाना
९ जानेवारी

ऑरिन,

पाकिटावरचं अक्षर ओळखून तू हे पत्र न फोडताच शेगडीत टाकलं असशील तर प्रश्नच मिटला. फोडलं असशील तर आधी एवढं वाच: मी माफी मागायला लिहीत नाहीये.

पत्ता शेजारच्या गसने दिला. त्याच्यावर रागावू नकोस. नाताळात तू त्याला कार्ड पाठवतोस हे त्याच्या तोंडून निसटलं, मग मी काय त्याला सोडते? याकिमाजवळ कुणाच्या तरी सफरचंदांच्या बागेला पाणी द्यायचं काम करतोस म्हणे. माझा धाकटा भाऊ, दोनशे गाईंचा धनी, आणि दुसऱ्याच्या झाडांना पाणी पाजतोय. हा टोमणा म्हणून लिहिलं नव्हतं, पण वाचून बघितलं तर तसाच वाटतोय. असू दे. या पत्रात खाडाखोड करायची नाही असं ठरवून बसलेय.

काम असं आहे. चार वर्षांपूर्वी, आमदार म्हणून माझ्या पहिल्याच अधिवेशनात, तेलकंपन्यांसाठी तो कायदा झाला. शेजाऱ्याला न विचारता, न कळवता जमिनीखालचं पाणी हवं तितकं ओढायची मुभा. तो मोडायचं विधेयक मी मांडतेय. हो, मीच. एक्कावन्न विरुद्ध एकोणपन्नास मतांनी तो कायदा झाला आणि त्या एक्कावन्नांत मी होते. तू म्हणायचास, “तुझ्या एका बोटाने माझी विहीर आटवली.” मी तेव्हाही म्हणत होते आणि आजही म्हणते, बोटं एक्कावन्न होती. पण त्या एक्कावन्नांत आपल्या अँटेलोप क्रीकवर गुरं पाळणारी एकटी मीच होते, एवढं मला कळतं.

तू रोज सकाळी विहिरीत दोरी सोडून पाणी किती खोल आहे ते मोजायचास आणि वहीत लिहायचास. त्या वह्या मला हव्यात. कंपनीचे वकील रंगीत नकाशे घेऊन येतात. माझ्याकडे फक्त तोंड आहे, आणि ते इथे सगळ्यांच्या चांगलंच ओळखीचं झालंय. सुनावणी सात फेब्रुवारीला आहे.

देणार नसशील तर नको देऊस. मी मांडणार ते मांडणारच.

मार्ली


हेलेना
८ फेब्रुवारी

ऑरिन,

खोकं पोचलं. बुटांचं खोकं, गवताच्या गठ्ठ्यांची सुतळी बांधलेलं, आत सात वह्या. चिठ्ठी नाही. उलटून पालटून बघितलं, खोक्याच्या झाकणाखालीही बघितलं. बरं.

काल सुनावणी झाली. मी इथे ज्या तळघरात भाड्याने राहते तिथे आदल्या दिवशी सगळ्या वह्या पलंगावर पसरल्या आणि फुटांचे आकडे एका कागदावर उतरवले. कंपनीचा पंप सुरू झाला त्या एप्रिलात पाणी बत्तीस फुटांवर. ऑगस्टात पंचावन्न. पुढच्या जूनमध्ये एकाहत्तर. सप्टेंबरात नुसती एक रेघ, आणि पुढे तुझ्या अक्षरात “चिखल.”

कंपनीने एक शास्त्रज्ञ आणला होता. चांगला इस्त्रीचा माणूस. तो म्हणाला, “दोरीला लोखंडी नट बांधून मोजलेलं पाणी हे शास्त्र नव्हे.”

मी म्हटलं, “साहेब, तुमचं यंत्र यायच्या आधी शंभर वर्षं आम्ही दोरीनेच मोजत आलो. गाईंनी कधी तक्रार केली नाही.”

मागे बसलेले हसले. तो म्हणाला, दुष्काळ होता. मी विचारलं, दुष्काळ फक्त पंपाच्या पूर्वेलाच कसा पडला? पश्चिमेला तर गस पावेल्काच्या विहिरीत अजून बेडूक ओरडतात. त्यावर तो कागद चाळायला लागला.

तुझ्या वह्या मी वाचून दाखवल्या. सगळ्या.

गाभण गाई घरी आहेत, आणि वीस तारखेपासून वासरं यायला लागतील. आमदाराचं अधिवेशन आणि गाईंची वीण एकाच वेळी ठेवणाऱ्या माणसाने जन्मात कधी गाय पाळली नसणार. गस बघतोय माझ्या गाईंकडे. मी निघताना म्हणाला, “जा बाई, तुझ्या गाईंना मतदानाचा हक्क असता तर त्यांनीही तुला घरीच बसवलं असतं.” एकाहत्तर वर्षांचा झाला तरी जीभ तशीच.

वह्या मी जपून ठेवल्यात. परत हव्या असतील तर कळव.

मार्ली


हेलेना
१७ फेब्रुवारी

ऑरिन,

समितीने विधेयक बाजूला टाकलं. अकरा विरुद्ध नऊ. इथे विधेयक मारत नाहीत, फडताळात ठेवतात आणि गुदमरून मरायची वाट बघतात.

दुसऱ्या दिवशी स्टोव्हरने बोलावलं. तो आमच्या पक्षाचा सभागृहातला नेता. शहरात गाड्या विकतो, त्यामुळे बोलताना माणसाच्या खांद्यावर हात ठेवायची सवय आहे. मी खुर्ची मागे ओढून बसले, हात पोचू नये म्हणून.

“मार्लिस, तुम्ही शहाण्या बाई आहात,” म्हणाला.

“हे ऐकलं की कुंपणाची कडी नीट लागलीय ना ते मी आधी बघते,” मी म्हटलं. “पुढे बोला.”

म्हणाला, विधेयक झोपलंय, त्याला झोपू द्या. पुढच्या वेळी शेती समितीचं अध्यक्षपद तुमचं. मी म्हटलं, माझी कंबर खुर्चीत दुखते, खोगिरात बरी राहते. मग हसणं थांबलं त्याचं. म्हणाला, तुमच्या मतदारसंघात तो पेंडीचा दुकानदार केनी आहे ना, त्याला कधीपासून तुमच्याविरुद्ध उभं राहायचंय. आम्ही त्याला थांबवून धरलंय.

“सोडा की मग,” मी म्हटलं. “धरून धरून तुमचा हात दुखत असेल.”

“तुम्ही स्वतःच मत दिलं होतं या कायद्याला!”

“म्हणून तर मला माहीत आहे तो किती वाईट आहे. तुम्हाला नुसता अंदाज आहे.”

बाहेर येऊन जिन्यावर बसले आणि केनीला किती मतं पडतील ते बोटांवर मोजलं. हे तुला सांगतेय, स्टोव्हरला सांगितलं नाही.

एक वाट शिल्लक आहे. फडताळातलं विधेयक समितीला डावलून थेट सभागृहात ओढून आणता येतं, पण त्याला शंभरातली साठ मतं लागतात. विरोधी पक्षाची चाळीस धरते. आमच्यातले वीस हवेत. आजपर्यंत सात जमलेत. त्यातला एक मेंढपाळ आहे आणि एकाला स्टोव्हर आवडत नाही. कारण काहीही असो, मत मोजताना सारखंच.

अठ्ठावीसला मी उभी राहणार. पडले तर सगळ्यांसमोर पडेन. तसं पडायची मला सवय आहे, तू बघितलंयस.

मार्ली


हेलेना
१ मार्च

ऑरिन,

एकसष्ट.

आधी आकडा लिहिला, कारण तूही आधी आकडाच लिहायचास. आता नीट सांगते.

सत्तावीसला दुपारी गसचा फोन आला. उत्तरेकडून वादळ येतंय, पारा शून्याखाली तीसपर्यंत जाईल म्हणतात, आणि तुझ्या चाळीस गाई आज-उद्यावर आहेत. मी म्हटलं, निघते. साडेतीनशे मैल आहेत, रस्ता बंद व्हायच्या आत पोचेन.

गस म्हणाला, “आणि उद्याचं काय?”

“उद्याचं गेलं खड्ड्यात.”

“नाही गेलं. ऐक, मार्लिस. वासरं दरवर्षी होतात. तू शहाण्यासारखं वागायची वेळ पंचवीस वर्षांत एकदा आलीय. तिथेच बस.”

मी बसले.

काल दुपारी उभी राहिले. स्टोव्हर समोरच, हाताची घडी घालून. मी आकडे सांगायला लागले आणि मला दिसलं की लोक फोन बघतायत. आकड्यांनी कुणाचं काही हलत नव्हतं. तेव्हा मी ते केलं, जे सुनावणीत केलं नव्हतं. सुनावणीबद्दलच्या पत्रात मी तुझ्या वह्या सगळ्या वाचल्या असं लिहिलं, ते खोटं. एक ओळ गाळली होती. ती काल वाचली:

“१९ जून. एकाहत्तर फूट. गुरांना घोट-घोट. मार्लीला फोन केला. म्हणाली, मी मीटिंगमध्ये आहे.”

मग मी म्हटलं, “ती मार्ली मी. मीटिंग होती हे खरं. कसली होती ते आता आठवत नाही. चार वर्षांपूर्वी मला सांगण्यात आलं की हिरवं बटण दाब, आणि मी दाबलं. वाचलंसुद्धा नव्हतं. माझ्या सख्ख्या भावाची विहीर आटली. त्याने मला फोन केला, आणि मी मीटिंगमध्ये होते. मी चुकले. तुमच्यापैकी आणखी पन्नास जण चुकले. काही घरी गेले, काही इथेच बसलेत, आणि मला तुमची सगळ्यांची नावं पाठ आहेत.”

फोन खाली गेले. भिंतीवरच्या फळ्यावर दिवे लागायला लागले, हिरवे, लाल, आणि मी मोजायचं सोडून दिलं. सभापतींनी आकडा वाचला तेव्हा मेंढपाळाने जोरात शिट्टी मारली आणि त्याला ताकीद मिळाली. आज विधेयक मंजूर होऊन वरच्या सभागृहात गेलं.

घरी सगळं ठीक आहे. गसने सांभाळलं.

मार्ली


अँटेलोप क्रीक
२१ मार्च

ऑरिन,

दोन दिवस घरी आलेय. घरी बसून ते खोटं तसंच ठेवता येत नाही.

ठीक नव्हतं. एकोणीस वासरं गेली. ओली जन्मली आणि आईने चाटायच्या आत गोठली. बाकीची गसने एकेक करून पिकअपमध्ये घालून माझ्या स्वयंपाकघरात आणली. जमिनीवर अजून डाग आहेत, मी घासले नाहीत. दीड दिवस तो आत-बाहेर करत होता, आणि डाव्या पायाच्या बुटात बर्फ गेला होता हे त्याने बघितलंच नाही. दोन बोटं काढावी लागली.

दवाखान्यात भेटायला गेले तर म्हणतो, “आठ आहेत अजून. मला कुठे पियानो वाजवायचाय?”

“पायाने कुणी पियानो वाजवत नाही, गस.”

“म्हणूनच तर.”

मी बाहेर व्हरांड्यात जाऊन रडले. नर्सने पाणी आणून दिलं आणि विचारलं, तुमचे मिस्टर का? मी म्हटलं, नाही, शेजारी. ती म्हणाली, मग तर नशीबवान आहात.

तू असतास तर गस एकटा नसता. हे मी अडीच आठवडे मनात घोळवतेय आणि दर वेळी त्याच्या पुढचं वाक्यही येतं, की तू का नव्हतास. तुझ्या गाईंच्या लिलावाच्या दिवशी, अख्ख्या तालुक्यासमोर, तू मला विहिरीबद्दल बोललास आणि मी म्हटलं, “गुरं पाळायला अक्कल लागते, ऑरिन, रडणं नाही.” लोकांनी माना फिरवल्या होत्या. मी बघितल्या. लिलाव पुकारणारा तेवढा थांबला नाही.

पुन्हा अठ्ठावीस तारीख आली तर मी तिथेच बसेन का, असं विचारशील. बसेन. गसची बोटं माहीत असूनही बसेन. ही फुशारकी नाही. मला स्वतःलाच त्याची थोडी भीती वाटते.

वरच्या सभागृहात सुनावणी चार एप्रिलला, सकाळी नऊला. हे फक्त कळवतेय. ये म्हणत नाहीये.

मार्ली


हेलेना
६ एप्रिल

ऑरिन,

तू आलास.

मागच्या दारातून एक म्हातारा आत आला, टोपी हातात, मान किंचित उजवीकडे झुकलेली, आणि मला वाटलं, बाबा. मग तू बसलास. तुझे केस इतके पांढरे झालेत हे मला कुणी सांगितलं नव्हतं. गसने तरी सांगायला हवं होतं.

तू जे बोललास ते कारकुनाने लिहून घेतलेलं मी आज मागून आणलं. तुझ्याकडे प्रत नसेल, म्हणून उतरवते. नाही, खरं सांगायचं तर मला ते माझ्या हाताने लिहायचंय:

“मी ऑरिन हाउगन. अँटेलोप क्रीकवर माझी विहीर होती, आता भोक आहे. ही समोर बसलीय ती माझी बहीण. चार वर्षांपूर्वी तिने मूर्खपणा केला आणि नंतर दोन वर्षं तो शहाणपणा होता असं सांगत फिरली. आमच्या घरात ती थोरली, त्यामुळे तिला अडवायची पद्धत नव्हती. आज ती बरोबर बोलतेय. साडेपाचशे मैल गाडी हाकत आलो ते तिला बरोबर बोलताना बघायला, कारण असं रोज होत नाही. मी तिच्यासाठी आलेलो नाही. माझ्या दारात येऊन कुणी नुसतं विचारलं असतं, ‘पाणी घेऊ का?’, तर मी कदाचित हो म्हटलं असतं. अर्धं तरी दिलं असतं. शेजारी आहोत. कुणी विचारलं नाही. एवढंच सांगायचं होतं.”

समितीचे ते अध्यक्ष, नव्वदीला टेकलेले, कुणाचंच ऐकत नाहीत म्हणून प्रसिद्ध. त्यांनी चष्मा काढला आणि पुसत बसले.

बाहेर बोळात मी तुला गाठलं. काय काय बोलायचं ते महिनाभर ठरवलं होतं, आणि तोंडातून निघालं, “कॉफी घेणार?” तू म्हणालास, “सगळ्या राज्याला सांगितलंस, चुकले म्हणून. मला नाही सांगितलंस.” आणि टोपी घालून जिना उतरलास.

मला राग आला. खरंच सांगते, इतका राग आला की मी तुझ्यामागे धावलेसुद्धा नाही. शंभर माणसांसमोर नाक घासलं ते काय होतं, असं वाटलं. काल दिवसभर तो राग पुरला. आज दुपारी संपला.

तू गेल्यावरचं तुला माहीत नाही. त्यांनी विधेयक कापलं. नवीन बोअरला शेजाऱ्यांची लेखी संमती लागेल, पण जे पंप आज चालू आहेत ते चालूच राहणार. म्हणजे तुझी विहीर भरणार नाही. मी बाकावर हात आपटला, ओरडले, मला दोनदा खाली बसवलं. स्टोव्हर दारात उभा राहून बघत होता. म्हणाला, “अर्धी पोळी मिळाली, खा आता.” मी म्हटलं, “खाते. आणि उरलेली अर्धी मागायला पुढच्या वेळी परत येते. केनीला सांगा, तयारीला लाग.”

मार्ली


अँटेलोप क्रीक
१९ मे

ऑरिन,

राज्यपालांनी सही केली. कापलेलं का होईना, कायदा झाला.

हे पत्र चौथ्यांदा लिहायला घेतलंय. आधीची तीन फाडली, म्हणजे खाडाखोड न करण्याचा माझा बाणा गेलाच. त्या तिन्हींत कारणं फार होती. ती काढून टाकली तर एवढंच उरतं: मी चुकले. कायद्याचं मी राज्याला सांगितलं, ते राज्याचं होतं. तुझं वेगळं आहे. तू फोन केलास आणि मी ऐकलं नाही. तू सगळं विकत होतास, तेव्हा तुझ्या शेजारी उभं राहायचं सोडून मी तुला लोकांसमोर बिनअकलेचा म्हटलं. तुला अक्कल होती. तू रोज मोजत होतास. मी एकदाही येऊन विहिरीत वाकून बघितलं नाही, आणि माझ्या दारापासून ती पाऊण मैलावर होती. हे मी तुला सांगतेय, ऑरिन. दुसऱ्या कुणाला नाही.

माफ कर असं म्हणत नाही. ते तुझं तू बघ.

आता कामाचं. मंगळवारी कंपनीचा माणूस आला होता. जुन्या पंपाचं पाणी उतरायला लागलंय, त्यांना दुसरा बोअर हवाय, माझ्या कुरणाच्या कोपऱ्याला लागून. नव्या कायद्याप्रमाणे हातात कागद घेऊन आला, बिचारा दारातच उभा राहिला. तरुण आहे, बोलायला सभ्य. मी त्याला कॉफी दिली, केक दिला, आणि नाही म्हटलं. त्याने विचारलं, विचार करायला वेळ हवाय का? मी म्हटलं, बाळा, मी चार वर्षं तेच केलंय.

मग त्याने नकाशा उलगडला. बोअरला लागून तीन जमिनी. माझी, गसची, आणि खालची तुझी. तू गुरं विकलीस, जमीन विकली नाहीस, आणि नकाशावर तुझं नाव ठळक छापलंय. गसने त्याला काय सांगितलं ते लिहिण्यासारखं नाही, पण त्यात त्याच्या गेलेल्या बोटांचा उल्लेख होता. कायदा असा आहे की तिघांपैकी एकजणही नाही म्हणाला तर बोअर होत नाही. म्हणजे माझ्या एकटीच्या नकाराने काम भागतं. त्या मुलालाही ते माहीत आहे. तो म्हणाला, “मग त्यांच्याकडे जायची गरज नाही, बाई. नऊशे मैल वाचतील.”

मी म्हटलं, “कायद्यात तिघांना विचारायचं लिहिलंय. ते वाक्य मी लिहिलंय. जा.”

तो सोमवारी निघतोय. गुरुवारपर्यंत तुझ्या दारात येईल. त्याला काय सांगायचं ते मी सुचवणार नाही. तू हो म्हणालास तरी मी तोंडातून अक्षर काढणार नाही, आणि मला ते किती जड जाईल हे तुला माहीत आहे. फक्त त्याला पुरता बोलू दे. मध्ये थांबवू नकोस. टोपी काढून, तुझं नाव घेऊन, तो तुला विचारेल.

मार्ली